पोरगं की गडी

हवालदारानं माझा जबडा धरला. अंगठा आत घालून तोंड उजेडाकडं फिरवलं. बाजारात खोंडाचे दात बघतात, तसं.

"अक्कलदाढ फुटायला लागलीय. लिही, एकोणीस."

मी म्हणालो, "सायब, मी एकोणीसचा न्हाय."

पट्टा तोंडावर बसला. ओठ फाटला.

"पारध्याला वय असतं व्हय रे? तुमी आईच्या पोटातनंच चोर म्हणून निघता."

मग शर्ट काढायला लावला. हात वर करायला लावले. काखेतले केस बघून ठाण्यातले सगळे हसले. एकोणीस कायम झालं.

माझं वय मलाही ठाऊक नव्हतं. पण एकोणीस नव्हतं, एवढं ठाऊक होतं.

त्या सकाळचं सांगतो. लासुर्ण्याच्या पुढं माळावर आमची पालं. खाली तात्यांची डाळिंबाची बाग आणि ऊस. तात्या म्हणजे मोठे बागायतदार. मी त्यांच्याकडंच कामाला. मोळ्या वाहायचो, औषधाचा पंप पाठीवर घ्यायचो. काम गड्याचं, हजेरी अर्धी. बानं विचारलं की तात्या म्हणायचे, "पोरगं हाय अजून. पोराला गड्याची हजेरी कोण देतं?"

तात्यांच्या विहिरीवरची मोटारीची केबल चोरीला गेली. कुणी नेली ते कुणी बघितलं नव्हतं. बघायची गरजही नव्हती. आमी होतोच की जवळ.

तात्यांनी बाला ट्रॉलीला दाव्यानं बांधलं आणि ठिबकच्या नळीनं मारलं. मी उसातून पळत आलो तेव्हा बाची पाठ सोलून निघाली होती. बा ओरडत नव्हता. त्याचं ओरडणं संपलं होतं. तात्या माझ्याकडं बघून म्हणाले, "ये. तुझाबी नंबर हाय."

कोयता हातातच होता. मी घातला. तात्यांच्या दंडात हाडापर्यंत गेला. रक्ताची चिळकांडी माझ्या तोंडावर आली. दुसरा घाव घालायला हात उचलला होता. बानं हाक मारली म्हणून थांबलो. नाहीतर थांबलो नसतो. खोटं कशाला सांगू?

एकोणीस लिहिलेलं, म्हणून मोठ्यांच्या जेलात गेलो. बराकीतल्या दोघांनी त्यांचे कपडे धुवायला सांगितलं. नाही म्हणालो. त्यांनी माझा डावा हात पिरगाळला. मोडल्याचा आवाज मला ऐकू आला.

मग सरकारनं दिलेली वकीलबाई आली. जाळीपलीकडून तिनं माझं तोंड न्याहाळलं. म्हणाली, "तुझं खरं वय काय रे?"

मला हे विचारणारी ती पहिलीच.

तिनं बारामतीच्या कोर्टात अर्ज घातला की हा आरोपी मूल आहे. जज्जसाहेबांनी रीत सांगितली. आधी शाळेचा दाखला. तो नसेल तर जन्माची सरकारी नोंद. दोन्ही नसेल, तरच डॉक्टर. आणि वय धरायचं ते घाव घातला त्या दिवशीचं.

शाळा? आय मला एकदा घेऊन गेली होती. मास्तरनं पत्ता विचारला. पालाला पत्ता कुठला? परत आलो. नोंद? मी उसाच्या फडात जन्मलो. नाळ आजीनं कोयत्यानं कापली.

आयला साक्षीच्या पिंजऱ्यात उभं केलं.

"मुलगा कधी जन्मला?"

"नीरेला पूर आला तवा ह्यो अंगावर पीत हुता."

तात्यांनी लावलेला वकील हसला. "कुठला पूर, बाई? नदीला पूर येतच असतात."

आयनं मान खाली घातली. मागं एकदा पोलिसांनी आमचं पाल पेटवलं होतं, तेव्हाही तिनं मान खाली घातली नव्हती.

मग दवाखाना. मनगटाचा फोटो, कोपराचा, कंबरेचा. दात मोजले. नागडं उभं केलं. दार उघडं. येणारे-जाणारे डोकावत होते. डॉक्टर आपसात बोलत होते. माझ्याशी कुणीच नाही. रिपोर्ट आला : सतरा ते एकोणीस.

हाडांनाही नक्की सांगता येईना.

पुढच्या तारखेला तात्या पुढच्या बाकावर बसले होते. हात गळ्यात. त्यांचा वकील उठला. "साहेब, रिपोर्ट दोन्हीकडं झुकतोय. मग डोळ्यांनीच बघा. याला शर्ट काढायला सांगा. हे खांदे पोराचे आहेत का?"

हवालदारानं माझ्या बटणाला हात घातला.

मी तो झटकला.

"न्हाय काढणार. ठाण्यात काढला, दवाखान्यात काढला. हितं न्हाय. हे खांदे ह्यांच्याच मोळ्यांनी झाल्यात. कामावर ठिवलं तवा 'पोरगं हाय' म्हणून अर्धी हजेरी दिली. आता जेलात घालायला मी गडी झालो व्हय?"

हवालदारानं मानगूट धरून मला खाली दाबलं. कपाळ पिंजऱ्याच्या लाकडावर आपटलं. रक्त आलं.

"सोडा त्याला," जज्जसाहेब म्हणाले. "शर्ट राहू दे." मग तात्यांकडं वळले. "अर्धी हजेरी देत होतात?"

"ती रीतच हाय, साहेब. पोरांना सगळीच अर्धी देत्यात."

बोलून गेल्यावर तात्यांच्या लक्षात आलं. वकिलानं डोळे मिटले.

निकाल लागला. शंका असेल तिथं कमी वय धरायचं. त्या दिवशी मी कायद्यानं मूल होतो. केस बाल न्याय मंडळाकडं गेली. घाव घातला होता, तो मी तिथंही नाकारला नाही. सुधारगृहात राहिलो, बाहेर आलो.

लोक म्हणतात, वाचलास. डावा हात आजही सरळ होत नाही. जेलातला तो काळ कुणी परत दिला नाही. कोर्टानं माझी हाडं तपासली, दात तपासले, आयच्या तोंडून पूर तपासला. पण बाला ट्रॉलीला का बांधलं, हे कुणीच तपासलं नाही. त्याची तक्रारच नाही. बा चालताना अजून कमरेत वाकतो.

मी ठाण्यात गेलो होतो. हाकलून दिलं. परत गेलो. "लई जुनं झालं, आता कशाला उकरतो?" म्हणाले. काठी उगारली.

सोमवारी बाला घेऊन पुन्हा जाणार आहे. या वेळी हातात काही नसेल. उंबऱ्यात बसणार. मारलं तर मार खाईन, आत टाकलं तर आत बसेन. पण तात्यांचं नाव आरोपी म्हणून लिहिल्याशिवाय मी तिथून उठणार नाही.