काउंटरवरून कुणाला उठवत नाहीत

नेदरलँड्समधल्या टिलबर्गच्या मराठी मंडळींत पद्मजामावशीबद्दल एक बातमी फिरते. तिनं म्हणे एका डच माणसाचा कान चावून तोडला. मीनलकाकू हे सांगताना आधी डावीउजवीकडे बघतात, मग आवाज तळघरात नेतात, "अगंऽ, तोडला! आणि सिंकमध्ये थुंकला म्हणे!" रुचिरदादा लायडनला पीएचडी करतो, त्यामुळे त्याच्या तोंडी तोच कान "ॲक्चुअली, ऐंशी टक्के" असतो. दिवाळीच्या फराळापर्यंत तो डच माणूस दोन्ही कानांनी गेलेला असेल.

खोटं आहे सगळं. कान मावशीचा होता. चावणारा योस्ट होता. मी समोरच्या बाकावर पॅनकेक खात बसले होते.

मावशीचं डायनर, म्हणजे अमेरिकन पद्धतीची छोटी खाणावळ, हायवेला लागून आहे. चाकं काढून ठेवलेला रेल्वेचा डबा दिसावा, तसं लांबट, चकचकीत, स्टीलचं. आधीचे मालक विमआजोबा, त्यांनी ते न्यू जर्सीहून दोन तुकड्यांत बोटीनं रॉटरडॅमला आणलं, तिथून ट्रेलरवर घालून इथे. आजोबा प्रत्येक 'ख' घशातून खरवडून काढायचे, आणि अमेरिकेचा विषय निघाला की जास्तच. ते सांगायचे, डायनर मुळात घोड्यानं ओढायची गाडी होती. रात्रपाळीच्या भुकेल्या माणसांना रस्त्यातच गरम खायला मिळावं म्हणून. पुढे कारखान्यांत अख्खी डायनरं बनायला लागली आणि तयार घर उचलून न्यावं तशी रस्त्याकडेला नेऊन ठेवायला लागले. गाडीवरून न्यायची म्हणून अरुंद, आणि अरुंद म्हणून लांब काउंटर. त्याच्यापुढे जमिनीत पक्की रोवलेली फिरती स्टुलं. "साहेब असो की चोर, कोपराला कोपर!"

मग तेच आजोबा कॉफीच्या मशीनवरचा फोटो दाखवायचे. फोटोत अमेरिकेतलं असंच एक काउंटर आहे. तिथे काळ्या माणसांना बसू द्यायचे नाहीत. म्हणून काही पोरं-पोरी जाऊन नुसती बसली. मागच्या जमावानं त्यांच्या डोक्यावर केचप ओतलंय, साखर ओतलीय. एकाच्या मानेवरून रक्त वाहतंय. एकही जण उठलेला नाही. डायनर विकताना आजोबांनी मावशीला एकच अट घातली, हा फोटो उतरवायचा नाही.

मावशी मूळची चिंचवडची. आधी इथल्याच एका लॉजिस्टिक्स कंपनीत ट्रकांचं प्लॅनिंग करायची. अर्ध्या ब्राबांत प्रांतातले ड्रायव्हर तिला आवाजावरून ओळखायचे. तिचे यजमान मनोहरकाका ॲमस्टरडॅमला झुइडासच्या एका बँकेत आहेत. त्यांचं मत अजूनही, "पद्मजा, हे खूळ आहे," एवढंच आहे, आणि ते मत ते तिच्याच हातचे हॅश ब्राउन्स खाताना देतात. "हॅश ब्राउन कसला डोंबलाचा," मावशी म्हणते, "बटाट्याचा कीस आहे." आणि लपवून जिरं टाकते.

तिनं दुकानात नियमही एकच ठेवलाय. काउंटरवर जो बसला त्याला कॉफी ओतायची. बसलेल्याला उठवायचं नाही.

गेल्या हिवाळ्यात तिच्या पार्किंगमध्ये दोन ड्रायव्हरांनी एकमेकांची डोकी फोडली. खेमेंटेनं, म्हणजे इथल्या नगरपालिकेनं, तंबी दिली, परत एकदा पोलीस बोलवायची वेळ आली तर दाराला सील. तिनं नोकरी सोडलेली होती. दार गेलं तर सगळंच गेलं.

त्या रविवारी सकाळी काउंटरवर मारेक होता. पोलिश ड्रायव्हर, बोलायला कंजूस. दोन वर्षांपूर्वी एका यार्डात तो ट्रक मागे घेत असताना योस्टचा धाकटा भाऊ चाकाखाली आला आणि त्याचा पाय गेला. कोर्टानं मारेकला निर्दोष सोडलं. योस्टनं नाही सोडलं.

दार भिंतीवर आपटलं. योस्ट आत आला. योस्ट म्हणजे दाराएवढाच.

"याला उठव."

मावशीचं डच चिंचवडच्या चालीत चालतं. प्रत्येक वाक्याला शेवटी एक 'हं' लागतो. "आधी तू बस, हं. कॉफी?"

"उठव, नाहीतर मी उठवतो."

"माझ्याकडे बसलेल्याला उठवत नाहीत, हं."

योस्टनं मारेकचे केस मुठीत धरले आणि त्याचं तोंड काउंटरवर आपटलं. ओल्या फरशीवर पाटा पडावा तसा आवाज. परत आपटलं. एक दात उडाला, बशीत टिणकन वाजला आणि कॉफीत गेला. मारेक मुठी वळून उठायला लागला.

"मारेक, बस!" मावशी ओरडली. "तू हात उचललास की मारामारी झाली. मग मला कुणी वाचवणार नाही."

मारेक बसला. दोन्ही हातांनी काउंटरची कड धरली. योस्टनं कानशिलात हाणली, बरगडीत गुडघा घातला, साखरेची बरणी भुवईवर फोडली. मारेकचं रक्त हनुवटीवरून टपटपत होतं, पण बोटं कडेवरून सुटेनात.

माझ्या बाबांनी फोन काढला.

"शैलेंद्र, फोन खाली!"

"अहो पद्मजाताई, जीव जाईल त्याचा!"

"मी आहे ना! खाली म्हटलं ना!"

बाबांनी फोन खाली ठेवला. थेट सिरपमध्ये.

मावशी तव्यावरचं उलथनं घेऊन तशीच काउंटरबाहेर आली. योस्टनं चेरी पायवरचं, म्हणजे चेरीच्या गोड पेस्ट्रीवरचं, काचेचं झाकण तिच्यावर भिरकावलं. ती वाकली, झाकण भिंतीवर फुटलं. पाठोपाठ त्यानं ती पेस्ट्रीच भिरकावली आणि धावला, आणि स्वतःच्याच चेरीवरून घसरला. स्टुलाच्या दांड्यावर कपाळ आपटून पालथा पडला. मावशी त्याच्या पाठीवर बसली. सगळ्या वजनानिशी. हात पिरगाळला. तो हिसडे देत होता आणि ती बैलावर बसल्यासारखी उडत होती.

मग ती वाकून त्याच्या कानाशी काहीतरी बोलली. माझे कान चांगले आहेत. ती म्हणाली, "तुझा भाऊ बुधवारी इथे आला होता, हं. याच्याच शेजारी बसला होता. पाऊण तास."

योस्टनं मान वळवली आणि तिचा कान दातांत धरला.

मावशीचे सगळे आवाज मला काढता येतात. शिंक, जांभई, मनोहरकाकांना मारलेली हाक. हा आवाज त्यांतला नव्हता. ती ओरडलीच नाही. रक्त मानेवरून पांढऱ्या एप्रनमध्ये उतरत होतं आणि ती मराठीत, अगदी हळू म्हणत होती, "सोड. सोड म्हणते." तो सोडेना. तेव्हा तिनं उलथन्याची तापलेली चपटी बाजू त्याच्या पंज्यावर दाबली.

चर्रर्र. वास अजून माझ्या नाकात आहे. योस्टनं तोंड उघडून अशी बोंब ठोकली की कपाटातल्या बश्या थरथरल्या. मावशीच्या कानाचा तुरीच्या डाळीएवढा तुकडा मात्र त्याच्याकडेच राहिला.

मग तो चेरीत आणि रक्तात बसून रडायला लागला. "पाऊण तास?" त्यानं विचारलं. मारेकनं होकारार्थी मान हलवली. योस्ट उठला, भाजलेला हात काखेत धरून निघून गेला.

हाउसआर्ट्सला, म्हणजे फॅमिली डॉक्टरला, मावशीनं सांगितलं, कुत्रा चावला. कोणत्या जातीचा, असं त्यानं विचारलं. "डच," ती म्हणाली.

आता सगळं योस्टच्या हातावर होतं. तो हात त्यानं पोलिसांना दाखवला की दाराला सील. मी कानाचं बँडेज बघत म्हटलं, "जाणार तो पोलिसांत. नक्की जाणार."

"इथे येणार," मावशी म्हणाली. "रविवारी. काउंटरवर बसणार."

"पैज?"

"पैज. हरलीस तर महिनाभर नकला बंद. माझी, मीनलची, कुणाचीच नाही."

"आणि जिंकले तर?"

"तर दुकानच नसेल, कार्टे. घेशील काय?"

आठवडाभर पार्किंगमध्ये गाडी वळली की मावशीचा हात तव्यावर थांबायचा. भांडी घासताना ती दाराकडे पाठ करत नव्हती. मनोहरकाका त्या आठवड्यात एकदाही खूळ म्हणाले नाहीत.

रविवारी मारेक सुजलेल्या तोंडानं आला आणि त्याच स्टुलावर बसला. नंतर दार उघडलं, या वेळी हळू. योस्ट. हाताला पांढरी पट्टी. बाबांनी दोन्ही हात टेबलावर ठेवले, फोनपासून लांब.

योस्टनं मधलं एक स्टूल सोडलं आणि बसला. मावशीनं न विचारता कॉफी ओतली.

मग कपात बघतच योस्ट घोगऱ्या आवाजात म्हणाला, "काय बोलला तो? बुधवारी."

मारेकला दाताच्या फटीतून नीट बोलता येत नव्हतं. "फुटबॉलबद्दल," तो म्हणाला. "फक्त फुटबॉल. आणि तू घोरतोस म्हणाला."

योस्टनं पट्टीच्या हातानं डोळे पुसले. "मी नाही घोरत."

असली दोन तोंडं, एक फुटकं आणि एक रडकं, आणि दोन्ही आवाज माझ्या घशात अगदी तयार! मावशी कॉफीचं भांडं घेऊन माझ्या टेबलाशी आली, वाकली आणि म्हणाली, "कसं म्हणाला गं तो? मला नीट ऐकू नाही आलं. म्हणून दाखव की."

मी पॅनकेकचा अख्खा घास तोंडात कोंबला.