आम्ही कुऱ्हाड फेकायला लागलो

कुऱ्हाड फेकायचा शौक तुला लागला कसा, असं चांदा शहरातले मित्र मला विचारतात. शहरातल्यांना हा जंगली प्रकार वाटतो. वाटो. शौक मी लावून घेतला नाही, तो नाकेदाराने लावला.

मालगुजारी, म्हणजे आमच्याकडची जमीनदारी, गेली आणि गावामागचं जंगल सरकारजमा झालं. झाडं तीच, पायवाटा त्याच, फक्त काल जळण आणणारा माणूस आज चोर ठरला. मी तेव्हा मूल गावच्या बाजारापासून खेडोपाडी पत्रकं वाटत हिंडायचो. वाळलं लाकूड नेणं हा गावाचा हक्क आहे, एवढंच त्यात छापलेलं असायचं. पत्रक कुणी वाचो न वाचो, जंगलखात्याच्या नाकेदाराने मात्र एका सकाळी मोळीला निघालेला सगळा गाव नाक्यावर अडवला आणि कुऱ्हाडी काढून घेतल्या.

मी भांडायला गेलो.

"कुराड जंगल तोडाच्याच कामाची," तो म्हणाला. "दुसरं काय करता तुमी तिचं?"

पत्रकातलं सगळं सांगून झालं होतं. संतापात तोंडातून निघून गेलं, "खेळतो."

"काय खेळता?"

"फेकून खेळतो. नेम धरून."

तो खाटेवर बसून पोटभर हसला. "रेंजर साहेब दौऱ्यावर येऊन राह्यले अमावास्येनंतर. त्यायले खेळून दाखवा. साहेब हो म्हनले त कुराडी तुमच्या. नाई त लिलाव."

मृगाआधी जळण भरून ठेवलं नाही तर पावसाळ्यात चूल पेटत नाही. गावाच्या चुली आता माझ्या एका शब्दावर टांगल्या होत्या, आणि मी आयुष्यात कैरीवर दगडसुद्धा धड मारलेला नव्हता.

गावात एकच कुऱ्हाड उरली होती. शेजारच्या काकीची. त्या दिवशी कुऱ्हाड धार लावायला लोहाराकडे होती म्हणून वाचली. काकीबरोबर मी ती आणायला गेलो. लोहाराने कुऱ्हाड जमिनीवर ठेवली, मग काकीने उचलली. आमच्याकडे कुऱ्हाड या हातातून त्या हातात देत नाहीत. दिली तर दोघांत वैर येतं म्हणतात. देणाऱ्याने वाकून खाली ठेवायची, घेणाऱ्याने उचलायची. इतकं जपायचं हत्यार, आणि मी ते फेकायला मागत होतो.

"कुराड फेकतेत का रे कोनी?" काकी म्हणाली. "दसऱ्याले हळदकुंकू लावतो तिले."

"नाक्यावर पडल्या हायेत, त्यायले कोन हळदकुंकू लावून राह्यलं, काकी?"

 घरी आल्यावर तिने कुऱ्हाड माझ्या पायापुढे ठेवली. "फेक. पन दांडा मोडला त तुह्या टांगेचा दांडा करीन."

तलावाच्या पाळीखाली, म्हणजे बांधाखाली, वादळात पडलेलं सावरीचं झाड होतं. त्याचा ओंडका उभा केला. मऊ लाकूड, पातं रुतेल असं वाटलं. कुठलं रुततं? कधी दांडा आपटायचा, कधी पात्याची पाठ. एकदा तर उन्हाने सुकलेल्या दांड्यातून पातं सुटलं आणि थेट तलावात गेलं. मी गळाभर पाण्यात चिखल चाचपत होतो आणि काठावरून काकी विचारत होती, "मासे लागले का बापा?" तेव्हापासून फेकण्याआधी कुऱ्हाड पाण्यात भिजवायची. लाकूड फुगतं, पातं घट्ट बसतं.

हळूहळू कळलं की जोर कामाचा नाही. कुऱ्हाड हवेत एक गिरकी घेते. ती गिरकी जिथे पुरी होते तिथेच ओंडका हवा. फार जवळ उभं राहिलं की दांडा लागतो, फार मागे गेलं की पाठ. जागा सापडली तिथे राखेची रेघ ओढली. मग एका संध्याकाळी ठक् असा आवाज झाला आणि दांडा ओंडक्यावर थरथरत राहिला. सभेतल्या टाळ्यांनी मला असं कधी झालं नव्हतं. दुसऱ्या दिवसापासून अर्धा गाव पाळीवर. काकी माझ्यापेक्षा लवकर शिकली आणि तसं बोलूनही दाखवायची.

रेंजर साहेब आले. नाकेदाराने नाक्याच्या अंगणात लक्ष्य उभं करून ठेवलं होतं, सागाचं. जुनं, वाळून दगड झालेलं. मी तोंड उघडायच्या आत काकी पुढे झाली.

"साहेब, साग त सरकारचा. त्याले कुराड लावली त गुन्हा नाई का?"

नाकेदार म्हणाला, "बाई, मी सांगून राह्यलो ना."

"तू कोन? साहेबाईनं लिहून द्यावं."

साहेबांनी नाकेदाराकडे पाहिलं, मग सागाकडे, आणि मिशीत हसले. त्यांच्या परवानगीने आम्ही पाळीखालून सावरीचा ओंडका गाडीत घालून आणला. मी पावलं टाकून रेघ ओढली, बादलीत बुडवलेली कुऱ्हाड काढली आणि फेकली. रुतली. माझ्यानंतर काकीची माझ्याही वर रुतली. साहेबांनी स्वतः फेकून पाहिली. दांडा लागून कुऱ्हाड परत त्यांच्याच बुटाशी आली.

"देऊन टाक यांच्या कुऱ्हाडी," ते म्हणाले.

नाकेदाराने पहिली कुऱ्हाड माझ्यापुढे धरली, उभ्या उभ्या, भिकाऱ्याला तुकडा द्यावा तशी. मी हात मागे बांधले.

"खाली ठेव."

"घे ना बे."

"आमी हातातून घेत नाई. वैर येते."

"वैर आता का कमी आहे?" तो म्हणाला.

माझ्यामागे गाव उभा होता. एकही हात पुढे आला नाही. साहेब घड्याळ बघत होते. शेवटी तो वाकला. कुऱ्हाड जमिनीवर ठेवली आणि दुसरी आणायला गेला. सगळ्या कुऱ्हाडी संपेपर्यंत तो वाकत राहिला, आणि आम्ही एकेक करून उचलत राहिलो.