वाळवीनं खाल्लेलं खरेदीखत

डाळजचे बाजीरावआबा उभ्या हयातीत एकदाच खोटं बोलले, तेही स्वतःच्या वकिलाशी! म्हणाले, "खरेदीखत वाळवीनं खाल्लं." कसली वाळवी अन् कसलं काय! खत घरातच, लोखंडी पेटीत, बायकोच्या, रंगुबाईंच्या, लग्नातल्या लुगड्यात गुंडाळून ठेवलेलं.

भानगड अशी. चाळीस वर्षांमागं आबांनी आणि शेजारच्या हिंदुरावांनी एकाच मालकाकडून, एकाच दिवशी दीड-दीड एकर रान घेतलं. आबांच्या वाट्याला निव्वळ मुरूम. नवरा-बायकोनं पहार-टिकाव घेऊन तीन उन्हाळे विहीर खणली. पाणी लागलं त्या दिवशी रंगुबाईंनी साऱ्या वस्तीला गुळाचा चहा पाजला.

चार वर्षांपूर्वी हिंदुरावांनी सरकारी मोजणी आणली, अन् हद्दीचा दगड बसला थेट विहिरीच्या पल्याड. कागदावरचा हिंदुरावांचा गट नंबर म्हणजे आबांचं रान! हिंदुरावांनी दावा ठोकला. त्यात आबांना 'अतिक्रमणदार' म्हटलं होतं. विहीर जायची भीती होतीच, पण हा शब्द आबांना जास्त झोंबला.

"म्हंजी मी चोर व्हय?" असं म्हणत त्यांनी गुपचूप पेटी उघडली. बघतात तर खतावर गटाचा आकडा भलताच! हे कोर्टानं पाहिलं की विहीर गेलीच, असं धरून त्यांनी पेटीला कुलूप घातलं आणि वाळवीला कामाला लावलं. वकील नक्कल काढायला सांगून थकला, आबा आज-उद्या करत राहिले.

तारखेला इंदापूरला मात्र जायचे हिंदुरावांच्याच फटफटीवर, मागं बसून. हिंदुराव म्हणायचे, "भांडण कोर्टात हाय, गाडीवर न्हाय."

यंदा नात करुणा वकील झाली आणि आजोबांचा दावा तिनं हातात घेतला. पहिल्याच रविवारी तिनं हात पुढं केला. "आबा, पेटीची किल्ली."

"अगं, वाळवीनं..."

"आबा, लोखंडाला वाळवी लागत नाही!"

आबांनी खाली मान घालून किल्ली दिली. करुणानं खत वाचलं आणि पोट धरधरून हसायला लागली. "आबा, ह्या गटात आज ऊस कुणाचा उभा आहे?"

"हिंदुरावाचा."

"मग! लिहिणाऱ्यानं दोघांच्या खतात आकडे उलटे घातलेत. त्यांच्या कागदावर तुमचं रान, तुमच्या कागदावर त्यांचं!"

आबांनी खत तिच्या हातातून घेतलं. चार वर्षं ज्या कागदाला भ्यालो, त्यातच विहीर वाचवायची ताकद होती! मग ते घेऊन तडक हिंदुरावांच्या उसात गेले.

हिंदुरावांनी चष्मा लावून वाचलं. मग उभ्या उसाकडं बघितलं. "म्हंजी ह्यो ऊस तुमचा?"

आबांनी मिशीला पीळ दिला. "आता अतिक्रमण कुणाचं म्हनायचं?"

हिंदुरावांनी हात जोडले. "त्यो शब्द मागं घेतो, बाजीराव. लई चुकलं."

आबांना हसू आवरेना. दोघं बांधावरच बसले आणि डोळ्यांत पाणी येईस्तोवर हसले.

हिंदुरावांनी दावा मागं घेतला. दोघं फटफटीवरून नोंदणी कचेरीत अदलाबदलीचा दस्त करायला गेले. कारकुनानं मान वर न करता विचारलं, "जमीन देणारा कोण, घेणारा कोण?"

"देनारा बी मीच, घेनारा बी मीच," आबा म्हणाले. "ह्यांचं बी तसंच. लिवा सायेब. चोर तेवढा कुनी न्हाय."