रिकाम्या पोटी

“रिकाम्या पोटी गेली हो ती,” हे आमच्या समोरच्या शेजाऱ्यांचं ठरलेलं वाक्य. सुलतान बाजारातल्या साडीच्या दुकानात गिऱ्हाइकापुढे पदर उलगडता उलगडता ते हे म्हणायचे, आणि लग्नाची खरेदी करायला आलेल्या बाया शेजारच्या दुकानात सटकायच्या. सेठ वैतागायचा. तुमच्याही गल्लीत असा एखादा असेलच, ज्याला लांबून पाहिलं की आपण रस्ता बदलतो. चिक्कडपल्लीत आमची दारं समोरासमोर. मी कुठं पळणार?

त्यांची बायको पित्ताच्या खड्यांचं ऑपरेशन करायला दवाखान्यात गेली ती टेबलावरच गेली. यांचं म्हणणं, भूल देणारा डॉक्टर सुई टोचून दुसऱ्या दवाखान्यात निघून गेला. दवाखान्याचं म्हणणं, बाई खाऊन आली, ते उलटून छातीत गेलं. म्हणजे मेली ती मेली, वर हावरटही ठरली. तिनं काही खाल्लं नव्हतं, एवढंच कुणीतरी मोठ्या माणसानं म्हणावं, यासाठी हा गृहस्थ झुरत होता.

डॉक्टरांच्या चौकशी समितीकडे तक्रार वर्षानुवर्षं पडून होती, नुसत्या तारखा मिळायच्या. गल्लीतले लोक त्यांना ‘तारीखकाका’ म्हणत. मीही हसायची, खोटं कशाला बोलू? शेवटी ते हायकोर्टात गेले. जजसाहेबांनी समितीला चांगलं झापलं, महिन्याभरात निकाल द्या म्हणाले. त्या दिवशी यांनी गल्लीभर पेढे वाटले.

सुनावणीच्या सकाळी ते इस्त्रीचा सदरा घालून निघाले. घरात दुसरं कुणी नाही, म्हणून मीच दही-साखर नेली आणि त्यांच्या हातावर ठेवली. ते तळहाताकडे बघतच राहिले.

“वहिनी, तिलाही दिलं होतं मी. निघताना.”

आता बोटभर दही! आपल्यात त्याला खाणं कोण म्हणतं? तो शकुन. डॉक्टरनं पाणीसुद्धा नको म्हटलं, तर यांनी पाणी दिलं नाही, चहा दिला नाही, आणि दही मात्र दिलं. इतकी वर्षं शपथेवर सांगत होते ते अगदी मनापासून. मी म्हटलं, नक्को, तिथं याचं अवाक्षर काढू नका, एवढ्याशा दह्यानं माणूस मरत नाही.

पण सरळ माणूस. जाऊन सगळं सांगून आले. मग काय, समितीला आयतंच सापडलं. भूल देणारा कुठं गेला होता, हे कुणी विचारलंच नाही. निकाल मुदतीच्या आधीच हातात पडला: डॉक्टरांचा दोष नाही, खायला दिल्याचं नवऱ्यानंच कबूल केलं आहे.

त्यानंतर ते वाक्य बंद झालं. दुकानात मुकाट्यानं साड्या दाखवू लागले. सेठ खूष. म्हणाला, म्हातारा सुधारला.

एकदा मी न राहवून म्हटलं, अहो, काहीतरी बोला की. तर म्हणाले, “कोर्टानं घाई केली हो, वहिनी. अजून थोडं रखडलं असतं, तर मी न आठवताच मेलो असतो.”

त्यानंतर ते दोन वर्षं जगले.