आवाजाआधीची दोन मिनिटं

शफीभाई गेल्याचं त्यांच्या मुलीनं, नसीमनं, फोनवर सांगितलं तेव्हा मी कुकर लावत होते. सहा आठवडे झाले त्याला. रडणं तिचं आटोपलं असावं, कारण तिनं लगेच कामाचं विचारलं. "मावशी, अब्बांचा आवाज आहे का हो कुठं? तुम्हालाच माहीत असेल." मी 'बघते' म्हटलं आणि गॅस बंद केला. खरं तर बघण्यासारखं काही नव्हतं. त्यांच्या सगळ्या रिळांची सूची मीच केलेली, आणि एकाही कार्डावर त्यांचं नाव नाही.

शफीभाई नादनीस होते. हा शब्द हल्ली समजावून सांगावा लागतो. पूर्वी पुण्यात एखादं दुकान बंद होणार असलं, यंत्र भंगारात जाणार असलं, की फोटोग्राफरच्या आधी नादनीसाला निरोप जाई. तो येऊन त्या जागेचा आवाज रिळावर घेई आणि सांभाळून ठेवी. बोलणं, गाणं तो घेत नसे. ते घेणारे दुसरे पुष्कळ. दाराची कडी, शिवणयंत्राचं पायडल, तांब्याच्या हंड्यावर पडणारे ठोके, हे त्याचं काम. शफीभाईंच्या वडिलांचाही हाच व्यवसाय. बुधवार पेठेत, रेडिओच्या दुकानांच्या वर, त्यांची खोली होती.

नारायण पेठेतला आमचा छापखाना वडिलांनी बंद केला तेव्हा ते पहिल्यांदा आले. पाणी पुढं केलं तर "नंतर" म्हणाले. घेतलेला घोटसुद्धा रिळावर उमटतो, म्हणे. मग आपलं रेकॉर्डिंगचं यंत्र सुरू करून नुसतेच उभे राहिले. वडिलांनी छपाईयंत्राच्या ट्रेडलवर पाय ठेवताच त्यांनी हात वर केला. दोन मिनिटं काहीही नाही... मग खूण केली. "आधी खोली घ्यायची, बाई," मला नंतर म्हणाले, "आवाज काय अधांतरी राहतो?"

ते रीळ ऐकायला मी त्यांच्याकडे गेले आणि तिथला पसारा बघून माझं डोकं फिरलं. मी ग्रंथालयात सूचीचंच काम करायचे.

"यात सापडतं कसं तुम्हाला?"

"शोधत नाही मी. भेटतं कधीतरी."

"भेटायला ते पाहुणे आहेत का?"

"मग तुम्हीच लावा ना त्यांची पंगत."

पुढं कित्येक वर्षं दर शनिवारी दुपारी मी तिथं कार्डं लिहिली. त्या खोलीत वेळ सरळ चालत नसे. खाली रिक्षांचा गोंगाट, आणि आत रीळ फिरायला लागलं की भिंतीतून टांगा यायचा. घोड्याच्या नाला फरसबंदीवर वाजत कपाटापर्यंत जायच्या आणि तिथंच विरायच्या. भर दुपारी पहाटेचं दूधकेंद्र उघडायचं, बाटल्या एकमेकींना लागायच्या. कधीच मिटलेल्या एका दुकानातली सगळी घड्याळं एकदम टिकटिकायची, कुणाचं कुणाशी न पटता. हातातलं काम थांबवणारी बाई नव्हे मी. पण पेन कितीदा हवेत राही आणि शाई वाळून जाई.

मग रिळं मिळेनाशी झाली. कोरी रिळं नाहीत म्हणून शफीभाई आलेले निरोप परत पाठवू लागले. मला ते बघवेना. प्रत्येक आवाजाआधी दोन मिनिटं रिकामी फीत असते, हे मला माहीत होतं. मी ब्लेड घेतलं. शे-दीडशे जुन्या रिळांची सुरुवात कापली, तुकडे चिकटवून अख्खी रिळं तयार केली. त्यांना वाटलं, कोरी रिळं मी कुठून तरी पैदा केली. त्यांनी ती वापरूनही टाकली. एका शनिवारी जुनं रीळ लावलं, तेव्हा त्यांना कळलं.

"बाई, इथली खोली कुठं गेली?"

"कोरी फीत होती ती."

"ऐकलीत तुम्ही?"

"ऐकायला काय होतं त्यात?"

ते भांडले नाहीत. दोन महिने माझ्याशी बोलले नाहीत, एवढंच. मी हातभर अंतरावर बसलेली असताना, "नसीम, मावशींना चहा विचार." मीही, "नसीम, अब्बांना सांग, साखर कमी." एक रीळ तेवढं मी कापलं नव्हतं. आमच्या छापखान्याचं. त्यांनी ते पाहिलं असणार. त्याबद्दल अवाक्षर काढलं नाही, आणि तेच मला जास्त लागलं.

महिन्यापूर्वी एका रविवारी, खोली सोडायची म्हणून, नसीम आणि मी ती आवरायला गेलो. काय लावावं सुचेना, म्हणून मी छापखान्याचं रीळ लावलं. कार्ड लिहिताना मी सुरुवात नेहमी पुढं पळवायचे. या वेळी तशीच चालू दिली. आधी आमची खोली आली, उंच छताची, किंचित घुमणारी. मग जवळच एक श्वास. गुडघा कटकन वाजल्याचा आवाज. पुन्हा श्वास, लांब सोडलेला. आणि शेवटी, अगदी हळू, "हं." त्यावर ट्रेडल सुरू झालं.

नसीम यंत्राजवळ सरकली. मग म्हणाली, "परत लावा, मावशी." मी परत लावलं. "हेच... कुठलंही काम हातात घेताना अब्बा असंच म्हणायचे." तिनं खोली न सोडायचं ठरवलं ते तिथंच.

आता मी शनिवारी पुन्हा जाते. प्रत्येक रीळ पहिल्यापासून ऐकते आणि कार्डावर वरती एक ओळ घालते, 'सुरुवातीस दोन मिनिटं : शफीभाई'. कापलेल्या रिळांच्या कार्डांवर त्याच जागी लिहिते, 'सुरुवात मी कापली', आणि खाली माझी सही करते.