स्थगितीचा प्रसाद

चेन्नईतल्या मैलापूरच्या आमच्या गल्लीत समोरच्या घरातले गृहस्थ भेटले की पहिलं वाक्य ठरलेलं: "सार, बँकेला काळीज असतं का?" मूळचे तंजावरी मराठी, बोलण्याला तमिळ ठेका, आणि घरकर्जाचे हप्ते थकलेले. का थकले, असं विचारलं की मात्र त्यांना कमी ऐकू यायचं. बँकेने दारावर जप्तीची नोटीस चिकटवली, तेव्हा त्यांनी तिच्यावर मुरुगनचं कॅलेंडर टांगलं आणि येणाऱ्या-जाणाऱ्याला नमस्कार करायला लावला.

शेवटी कोर्टाने जप्तीला स्थगिती दिली. हुकुमाच्या चारी कोपऱ्यांना हळद लावून त्यांनी तो देव्हाऱ्यात ठेवला, आरती ओवाळली आणि गल्लीभर गूळ-तांदळाचा गोड पोंगल वाटला.

"अडलेल्या माणसाला मुदत द्यावी, सार. डोक्यावरचं छप्पर काढू नये. न्यायमूर्तींना कळतं, ते बँकेला कळत नाही!" त्यांनी उपरण्याने डोळे टिपले. मीही मान डोलावली.

द्रोण घेऊन बाहेर आलो, तर त्यांच्या माडीवर भाड्याने राहणाऱ्या वीणेच्या शिक्षिका पायरीवर बसलेल्या. शेजारी ट्रंक, भिंतीला टेकवलेली वीणा. भाडं थकलं म्हणून या गृहस्थांनी सकाळीच त्यांच्या खोलीला स्वतःचं कुलूप ठोकलं होतं.

मी मागे वळून म्हटलं, "अहो, यांनाही थोडी मुदत द्या की."

ते खरोखरच चकित झाले. "मुदत कोर्ट देतं, सार. मी कोण देणारा?"

आणि बाईंच्या हातावर त्यांनी प्रेमाने पोंगलचा द्रोण ठेवला.