डोहातलं बियाणं

आमच्या ओहळाला पूर्वी चार डोह होते. वरच्या अंगाला रस्त्यासाठी डोंगर फोडला, त्याची माती वाहून येऊन तीन बुजले. उन्हाळ्यात पाणी राहतं ते फक्त खालच्या डोहात. मासे तिथे तग धरतात आणि पावसात वर चढून भातखाचरांत अंडी घालतात. म्हणून होळीनंतर त्यात कुणी जाळं टाकत नसे. हे कधी कुणाला सांगावं लागलं नव्हतं.

यंदा वैशाखात नातीचा साखरपुडा होता. माझा मुलगा, तिचा बाप, घोलवडला चिकूच्या वाडीत कामाला आहे. त्या दिवशी रजा काढून घरी होता. सकाळीच म्हणाला, "आये, विहिरीत टाकायची पावडर दे."

पंचायतीची ब्लिचिंग पावडर आमच्याच पडवीत असते. म्हटलं, "विहिरीत परवाच टाकली की."

"दे गं. पाहुण्यांना काय नुसती डाळ वाढू?"

मला कळलं, ती डोहात टाकून मासे मारायचे होते त्याला. तरी डबा काढून दिला. पाहुण्यांपुढे लाज जायला नको, एवढंच तेव्हा डोक्यात होतं.

टोपलंभर मासे आले. पाहुणे म्हणाले, "नशीबवान तुम्ही, तुमच्या गावात, उधव्याला, अजून असले मासे मिळतात!" मीही खाल्ले.

दुसऱ्या दिवशी धुणं घेऊन डोहावर गेले. बोटाएवढी पिल्लं पोट वर करून काठाला लागली होती. खेकडे, बेडूक, सगळं मेलेलं.

मुलगा म्हणाला, "पावसात येतील नवे."

"कुठून? आभाळातून?"



पाऊस लागला, खाचरं भरली. मी रोज बांधावर जाऊन बसायची. एकही मासा चढला नाही. शेजारीण म्हणाली, "म्हातारे, माशांची वाट बघतेस की यमाची?"

"आधी येईल त्याची."

आता पाऊस ओसरलाय आणि डोहात डासांच्या अळ्या वळवळतात. पूर्वी त्या माशांची पिल्लं खायची. नातीला दोनदा ताप येऊन गेला. परवा मुलगा म्हणतो, "डोहात पावडर टाकू का? अळ्या मरतील." मी डबा नेऊन पंचायतीत ठेवून आले.

आज त्याला माझ्या बहिणीच्या गावी नदीवर पाठवलंय, हंडाभर जिवंत मासे आणायला. सकाळी गेलाय. ऊन चढलंय, अजून पत्ता नाही. हंड्यातलं पाणी तापलं तर वाटेतच मरतील.